मावशीचं मनगट

त्या बेकरीत पीठ मळायला यंत्र होतं, पण पाणी किती कोमट हवं ते मावशीच ठरवायची. मावशी कुणाची सख्खी मावशी नव्हती. बावीस वर्षं तिथं पीठ सांभाळलं, म्हणून सगळ्यांची मावशी झाली. मगात मनगट बुडवायचं, "हं" म्हणायचं आणि यीस्ट सोडायचं, एवढीच तिची रीत. मालकाने एकदा थर्मामीटर आणला, तर बाई आठवडाभर रुसली. शेवटी त्यानेच तो मुकाट्याने घरी नेला.

आणि आता तीन आठवडे पाव चपटे निघत होते. मावशीने आधी यीस्टला बोल लावला. यीस्टवाल्याला चार शब्द सुनावून दोन पुडे परत धाडले, नवीन आणवले. तरी पीठ तसंच निपचित. मालक भला माणूस, पण गिऱ्हाईक तोंड फिरवू लागल्यावर त्याचाही नाइलाज झाला. शनिवारपर्यंत पाव सुधारले नाहीत, तर सोमवारपासून मावशीने पॅकिंगच्या टेबलावर बसायचं, असं त्याने सांगून टाकलं. मावशीला वाटलं, त्यापेक्षा जिवंतपणी आपला फोटो भिंतीवर लावलेला बरा.

मनातलं सांगणार कुणाला? घरी रोज देवापुढे हात जोडून ती एवढंच मागायची, की पीठ हातातून जाऊ नये. स्वतःच्या अंगाबद्दल मागायचं तिला सुचलंच नाही. सगळी बेकरी घामाने निथळायची आणि ही स्वेटर घालून भट्टीला चिकटलेली. जिना चढताना पाय शिशाचे व्हायचे, आवाज घोगरा झाला होता, कंगव्यात केसांचे पुंजके यायचे. जेवण दोन घास, आणि ब्लाउज मात्र उसवावे लागत होते. वय झालं, असं म्हणून तिने सगळं वयाच्या खाती टाकलं. भट्टीवाला तर टपलेलाच होता. "पीठ काही फुगेना, मावशीच फुगतायत," असं तो येताजाता म्हणायचा आणि मावशी त्याला उलथनं दाखवायची.

गुरुवारी यीस्ट काढायला म्हणून तिने पाण्याचा मग त्याच्या हाती दिला. देताना बोटं बोटांना लागली आणि त्याची थट्टा तिथंच थांबली.

"मावशी, हात आहे की बर्फाची लादी?"

त्याने मगात बोट घातलं, काढलं, पुन्हा घातलं. मग हळूच म्हणाला, "हे तर नळाचं वाटतंय. तुमचा हात इतका गार, की गार पाणीही तुम्हाला कोमट लागतंय."

मावशी जागच्या जागी बसली. बावीस वर्षांत मनगटाने तिला कधी फसवलं नव्हतं.

दुपारी तोच तिला दवाखान्यात घेऊन गेला. डॉक्टरीणबाईंनी गळा चाचपला, नाडी मोजली, रक्त तपासायला धाडलं. दुसऱ्या दिवशी रिपोर्ट आला तेव्हा त्यांनी समजावून सांगितलं. गळ्यात थायरॉईड नावाची लहानशी ग्रंथी असते. खाल्लेलं अन्न शरीराने किती वेगाने जाळायचं, हे तिच्या रसावर ठरतं. रस कमी पडला की सगळं मंदावतं. मग ऊब कमी तयार होते, थकवा येतो, आणि थोडं खाऊनही वजन चढतं. रोज सकाळी उपाशीपोटी गोळी घ्यायची, चहा तासाभराने. सहा आठवड्यांनी पुन्हा रक्त तपासायचं.

"म्हणजे आळस नव्हे ना हा?" मावशीने विचारलं.

"आळशी माणूस आजारी अंगाने तीन आठवडे पीठ सांभाळेल का?" बाई म्हणाल्या. मावशीने पदर डोळ्यांना लावला.

शनिवारी तिने मालकासमोर सगळं कबूल केलं. यीस्टवाल्याची माफी मागायलाही ती तयार होती. पीठ तेवढं मागत होती. हात पूर्ववत होईपर्यंत पाणी कोण बघणार, असं मालकाने विचारलं. थर्मामीटर आणतो, असंही म्हणाला. मावशीने मान हलवली.

"बोट याचं, पीठ माझं."

मालकाने भट्टीवाल्याकडे पाहिलं. तो छाती काढून उभा. मालक हसू दाबत म्हणाला, "दोन महिने बघू."

सोमवारी मावशीने मग पुढे धरला. भट्टीवाल्याने मोठ्या डॉक्टरासारखा चेहरा करून बोट बुडवलं आणि सांगितलं, अजून जरा गरम हवं. एरवी अशा माणसाला तिने उभं सोललं असतं. तिने निमूटपणे किटली उचलली.