हाडकीच्या डोहातला जबडा

वैनगंगेच्या त्या काठावर दुर्गा दिघोरे डोंगा चालवते याचं आता कुणाला नवल राहिलेलं नाही. लहानपणी होतं. तिचे वडील केवळराम जातीनं ढिवर, सगळा जन्म नदीत नि तलावात जाळी टाकण्यात गेला. घरात मुलीच. त्यांनी थोरलीच्या हातात वल्हं दिलं तेव्हा घाटावर धुणं धुणाऱ्या बायका हात थांबवून पाहत राहिल्या. पुढे लग्न होऊन ती पवनी तालुक्यातल्या एका टोल्यावर, नदीकाठच्या लहानशा वस्तीवर, आली. नवरा खेमराज कमी बोलणारा. बायको आपल्यापेक्षा डोंगा बरा सांभाळते हे त्याला पहिल्याच पुरात कळलं, आणि तो काही न बोलता पुढे जाळ्यापाशी जाऊन बसला. मागची, वल्ह्याची जागा तेव्हापासून दुर्गाची.

टोल्याच्या वरच्या अंगाला नदी वळते. तिथे उंच दरड आहे आणि दरडीखाली खोल पाणी. त्याला हाडकीचा डोह म्हणतात. नाव का पडलं ते कुणालाच सांगता येत नव्हतं. मासा तिथे भरपूर, पण जाळी फाटायची. खाली कशाला तरी अडकायची आणि ओढली की चरचरत फाटायची. जुने लोक तो डोह टाळत.

टोल्यावरच्याच पार्वताबाईंच्या मुलानं, कैलाशनं, टाळला नाही. काही वर्षांपूर्वी त्याचं जाळं तिथे अडकलं. नवंकोरं जाळं, ओढून फाडायचं जिवावर आलं, म्हणून सोडवायला त्यानं बुडी मारली. तो वर आला नाही. दुर्गा आणि खेमराज जवळच होते. दुर्गानं विळा दातात धरून उडी टाकली. कैलाशचा पाय जाळ्यात गुरफटलेला होता. जाळं कापताना तिचा हात पलीकडे कशाला तरी लागला. वाकडं, गुळगुळीत, शिंगासारखं. विचार करायला वेळ नव्हता. तिनं कैलाशला वर आणलं, पण तो गेलेला होता. लोकांनी विचारलं तेव्हा ती म्हणाली, "झाडाची मुळी असन." हाताला मात्र ते कधी पटलं नाही. पार्वताबाईंचा तो एकुलता एक मुलगा. त्यांना यातलं काही सांगून काय होणार होतं?

यंदा उन्हाळ्यात खालच्या धरणाच्या दरवाज्यांचं काम निघालं आणि नदी उतरवली. कधी न दिसलेले काठ उघडे पडले. दुर्गा खेमराजबरोबर डोंगा घेऊन हाडकीच्या डोहात गेली आणि दरडीच्या पायथ्याशी, दगडासारख्या घट्ट झालेल्या वाळू-गोट्यांच्या थरात तिला तो दिसला. जबडा. बैलाच्या जबड्यापेक्षा कितीतरी मोठा, काळपट, दाढा रांगेनं बसलेल्या. बाजूनं एक वाकडा सुळा बाहेर आलेला, आणि त्या सुळ्याच्या बुडाशी हिरव्या, निळ्या, पांढऱ्या नायलॉनच्या जाळ्यांच्या चिंध्या. तिनं सुळ्यावर हात ठेवला आणि लगेच काढून घेतला.

खेमराज म्हणाला, "चाल इथून. कोणाले सांगू नको."

पण गोष्ट लपून राहिली नाही. टोल्यावरच्या कुणीतरी फोटो काढला, तो फिरत फिरत नागपूरला पोहोचला आणि अश्वजित नावाचा तरुण संशोधक पाठीवर पिशव्या लादून आला. जुन्या हाडांचाच त्याचा अभ्यास. जबडा पाहून तो कितीतरी वेळ नुसता उकिडवा बसून राहिला. मग छिन्नी आणि ब्रश काढून कामाला लागला. दुर्गा त्याला रोज डोंग्यानं पोहोचवायची आणि आणायची. दरडीखालून पायवाट होती, पण एका माणसापुरती, आणि आजूबाजूला कमरेइतका गाळ. तिथून जड काही नेणं शक्य नव्हतं.

काम निम्म्यावर आलं आणि सकाळी ग्रामपंचायतीच्या भोंग्यावर पुकारा झाला. वरून पाणी सोडलंय, संध्याकाळपर्यंत नदी भरेल, जाळी नि जनावरं काढून घ्या.

अश्वजितचा चेहरा उतरला. "ताई, बाकीचं हाड आत राहील ते राहू द्या. जबडा तरी काढू."

त्यानं बारदानाच्या पट्ट्या प्लास्टरात बुडवून जबड्यावर गुंडाळायला घेतल्या. सुळ्याकडचा भाग उघडाच ठेवला. तिथली जाळी ओढली तर दात तडकेल अशी त्याला भीती होती. खेमराजनं पाण्याच्या काठाशी एक काडी रोवली. थोड्या वेळानं पाहिलं तर काडी पाण्यात उभी.

"सर, संध्याकाळ कायची? पानी आताच चढून राहिलं," तो म्हणाला.

तेवढ्यात पायवाटेनं पार्वताबाई येताना दिसल्या. हातात सब्बल. एवढ्या वयात ती जड पहार त्यांनी इथवर कशी आणली कोण जाणे. कुणाशी न बोलता त्या थेट जबड्यापाशी आल्या, सब्बल उचलली आणि हाणली. प्लास्टरचा तुकडा उडाला. अश्वजित ओरडला. दुर्गा मध्ये जाऊन उभी राहिली.

"सरक, दुर्गे."

"मावशी, हाडूक हाये ते."

"काय हाये ते मले सांगू नको. यानंच माहा कैलाश खाल्ला."

अश्वजित हात जोडून पुढे आला. "आजी, हा माणसं खाणारा नव्हता हो. गवत खायचा. पाणघोडा म्हणतात ना, त्याच्याच कुळातला, हेक्साप्रोटोडॉन. ही जात आता जगात कुठंच नाही. याला मरून कितीतरी हजार वर्षं झाली."

पार्वताबाईंनी त्याच्याकडे पाहिलं. "इतक्या वर्साचा मेलेला, मंग माह्या पोराचा पाय काहून धरला यानं?"

दुर्गाला कळत होतं की म्हातारीचं चूक नाही. इतकी वर्षं जपलेली गोष्ट आता बोलावी लागणार होती.

"मावशी, तू बरोबर हायेस," ती म्हणाली. "कैलाशभाऊचं जाळं यालेच अडकलं होतं. बुडी मारली तवा माहा हात लागला होता याले. या सुळ्याले."

"दुर्गे!" खेमराज मागून म्हणाला.

पार्वताबाईंनी सब्बल पुन्हा डोक्यावर नेली. दुर्गा बाजूला झाली नाही आणि तिनं त्यांचा हातही धरला नाही.

"फोडशीन त वरचं फुटन," ती म्हणाली. "बुड तसंच राहीन अंदर. पानी चढलं का कोणाले दिसनार नाई. मंग अजून कोणाचं जाळं अडकन, अजून कोणी बुडी मारन. त्यापरीस काढून नेऊ दे ना, मावशी."

पाण्याचा आवाज बदलला होता. मघाशी काठाशी चुळबुळत होतं, आता भरून वाहत होतं. वरून तुटलेल्या फांद्या यायला लागल्या. पार्वताबाईंनी सब्बल हळूच खाली टेकवली.

"विळा दे," त्या म्हणाल्या.

दुर्गानं दिला. म्हातारी गाळात गुडघे टेकून बसली आणि सुळ्याभोवतीची जाळी कापायला लागली. कुठली चिंधी कैलाशच्या जाळ्याची ते ओळखू येण्यासारखं नव्हतं. त्यांनी सगळ्याच कापल्या, एकेक धागा सोडवून पदरात घेतला. पाणी त्यांच्या लुगड्याला लागलं. अश्वजितच्या हातात भिजवलेली पट्टी तशीच होती. तो एकदा पाण्याकडे पाहायचा, एकदा विळ्याच्या पात्याकडे. पातं हाडाला कुठंही लागलं नाही.

"आता ने," पार्वताबाई म्हणाल्या आणि बाजूला झाल्या.

मग एकच धांदल उडाली. सुळ्यावर पट्ट्या चढल्या. त्या पुरत्या वाळल्या नसतानाच खेमराजनं त्याच सब्बलीनं खालचा थर उकरला. जबडा सुटला तेव्हा पाणी पोटरीपर्यंत आलं होतं. तिघांनी मिळून तो डोंग्यात ठेवला आणि डोंगा असा काही खाली बसला की खेमराजच्या तोंडून "बाप्पा!" निघून गेलं. त्याच वेळी दुर्गाचं लक्ष पायवाटेकडे गेलं. वाट पाण्याखाली गेली होती. पार्वताबाईंना परत जायला रस्ता नव्हता.

चार माणसं आणि तो जबडा. डोंगा एवढं ओझं घेणार नव्हता.

"मी थांबतो इथं," अश्वजित म्हणाला.

"पोहता येते?"

"नाही."

"मंग बसा गुपचूप." खेमराजनं सदरा काढून डोंग्यात टाकला आणि पाण्यात उतरला. "मी धरून येतो. तू चाल, दुर्गे."

ती निघाली. डोंग्याची कड पाण्याच्या वर बोटभर, कधी तेवढीही नाही. खेमराज एका हातानं मागची बाजू धरून पाय मारत होता. वळणावर धार जोरात लागली आणि डोंगा आडवा फिरायला लागला. दुर्गानं सगळं अंग वल्ह्यावर टाकलं. एक फांदी कडेला आपटली, डोंगा कलला आणि पाणी भसकन आत आलं. खेमराजचा हात सुटला. क्षणभर त्याचं डोकं दिसेना. मग तो दोन हात मागे वर आला, खोकत, आणि पुन्हा त्यानं कड पकडली.

"टाका!" अश्वजित ओरडला. "ताई, जबडा टाकून द्या नदीत! माणसं वाचवा!"

तो स्वतःच उठून जबड्याला हात घालायला लागला तशी पार्वताबाईंनी त्याला खाली दाबून बसवलं.

"नाई. पुन्हा पान्यात नाई टाकाचा याले," त्या म्हणाल्या. प्लास्टर कालवायचं घमेलं त्यांनी उचललं आणि आत आलेलं पाणी उपसून बाहेर फेकायला लागल्या. पदरातल्या चिंध्या त्यांनी दातांत धरल्या होत्या. अश्वजितही हातांच्या ओंजळीनं उपसायला लागला. दुर्गानं धारेशी झगडणं सोडून दिलं आणि डोंगा तिरपा करून धारेबरोबर जाऊ दिला. वडील म्हणायचे, धारेले पाठ देजो, पन तिच्या आडवी जाजो नको. तिला त्यांचा आवाज आठवत होता आणि हात चालत होते. टोल्याचा घाट मागे सुटला. बऱ्याच खाली, धानाच्या एका शेताच्या बांधाला डोंग्याचं तोंड लागलं तेव्हा आतलं पाणी घोट्यापर्यंत आलं होतं. खेमराज बांधावर पालथा पडून राहिला. दुर्गा त्याच्याजवळ बसली आणि त्याच्या पाठीवर हात ठेवून तो श्वास घेतोय की नाही ते पाहत राहिली. घेत होता.

"मेला नाई मी," तो म्हणाला. "त्याले पाह्य, भिजला का काय."

जबडा नागपूरला गेला. अश्वजितचा फोन यायचा. सब्बल लागली तिथे एक दाढ तडकली होती, पण जोडता आली. पुढचे सहाच्या सहा दात शाबूत निघाले, या दातांवरूनच त्या प्राण्याला नाव मिळालंय, हेक्सा म्हणजे सहा, असं तो आनंदानं सांगायचा. बाकीचं हाड दरडीत आहे आणि दरडीचा पायथा पाण्याखाली. दुर्गानं त्या जागी नायलॉनच्या दोरीनं रिकामा डबा तरंगता बांधला, म्हणजे जाळी टाकणाऱ्याला लांबून दिसावं.

दिवाळीनंतर अश्वजितनं जबडा पाहायला बोलावलं. दुर्गा निघाली तेव्हा पार्वताबाई आधीच रस्त्यावर येऊन अड्याळहून येणाऱ्या एसटीची वाट पाहत उभ्या होत्या. नागपुरात एका खोलीत, लांब टेबलावर वाळूच्या पिशव्यांचा आधार देऊन जबडा ठेवला होता. धुतलेला, उजेडात, तो नदीतल्यापेक्षा लहान वाटला. सुळ्यावर जिथे धागे घासले होते तिथे बारीक खाचा पडल्या होत्या. पार्वताबाईंनी त्या बोटानं चाचपल्या. अश्वजितनं अडवलं नाही.

"हा कसा मेला?" त्यांनी विचारलं.

"नक्की सांगता येत नाही, आजी. चिखलात रुतून असेल. नाहीतर पुरात."

"म्हंजे हा बी बुडूनच."

पदर डोक्यावर सारखा करून त्या दुर्गाला म्हणाल्या, "चाल वं. अड्याळची गाडी चुकन."