स्थलांतरित असा शेरा

मी जिल्हा परिषदेच्या शाळेत शिक्षिका. राहते बेलवलीत, शाळा बदलापूरच्या पुढे डोंगराखालच्या गावात. त्या वर्षी शाळा सांभाळून मतदारयादी तपासायचं कामही माझ्या गळ्यात पडलं. गावातली घरं दोन दिवसांत उरकली. राहिली होती कातकरवाडी.

भर दुपारी तिथे पोचले. आठ-दहा घरांची दारं तारेनं बांधलेली. कुडाच्या सावलीत बसलेली एक म्हातारी म्हणाली, "भट्टीवर गेल्यात बाय. पावसाआधी येतील."

कल्याणकडच्या वीटभट्ट्यांवर ही माणसं दरवर्षी जातात, हे मला ठाऊक होतं. त्यांची पोरं माझ्याच वर्गातून दिवाळीनंतर गायब व्हायची. बंद घरी तीनदा जायचा नियम होता. पण ऊन तापलं होतं आणि रस्त्यावर थांबवलेली रिक्षा सारखी हॉर्न देत होती. मी वहीत तीन वेगवेगळ्या तारखा टाकल्या आणि पुढे लिहिलं, 'स्थलांतरित'. नावं कमी होणार असल्याची नोटीस शाळेच्या भिंतीवर लागली. ज्यांनी ती वाचायला हवी होती, ती माणसं भट्टीवर होती.

ग्रामपंचायतीच्या मतदानादिवशी मी केंद्राबाहेर यादी घेऊन बसले होते. दुपारी भट्टीवरून एक टेम्पो आला. त्यातून उतरलेली पहिली बाई माझ्या विद्यार्थिनीची आई होती. धुतलेलं लुगडं, पण नखांत लाल माती. मी यादी वरपासून खालपर्यंत दोनदा पाहिली.

"नाव नाही."

"मागच्या टायमाला होतं ना?"

"घर बंद होतं तुमचं."

"म्हातारीनं सांगितलं नव्हतं तुम्हाला?"

"सांगितलं होतं," मी म्हणाले.

ती टेम्पोकडे वळली. शिव्या दिल्या असत्या तर बरं वाटलं असतं. टेम्पोवाला घाई करत होता. ती सगळी तशीच परत गेली.

त्या आठवड्यात मी तहसील कार्यालयात निवडणुकीच्या साहेबांना लेखी कळवलं की तारखा खोट्या आहेत. कागद वाचून ते म्हणाले, "मॅडम, कोणी तक्रारसुद्धा केली नव्हती. कशाला पायावर धोंडा पाडून घेतलात?" मला नोटीस मिळाली, वेतनवाढ थांबली. पावसाच्या तोंडावर मी घरोघर बसून नवे अर्ज भरले. बहुतेकांची नावं परत लागली.

त्या बाईच्या घराचं दार मात्र तारेनं बांधलेलंच होतं. नवऱ्याला भट्टीवर बारमाही काम लागलं, आता ते तिकडेच राहणार, असं शेजारणीनं सांगितलं. त्यांच्या पोरीचं नाव माझ्या हजेरीपटावर अजून होतं. ते कमी करायचं होतं. 'स्थलांतरित' असा शेरा लिहायला मी पेन उचललं, पण ते खाली ठेवून आधी वाडीवर गेले आणि शेजारणीकडून भट्टीचा पत्ता मागून घेतला.