अप्पा शब्द चालवायचे तेव्हा

मी आधी बोलायला शिकले की शब्द चालवायला, यावर आई आणि अप्पांचं शेवटपर्यंत जमलं नाही. आई म्हणायची, हिचा पहिला शब्द 'आई'. अप्पा म्हणायचे, साफ खोटं. पहिला शब्द 'देवः', आणि पोर 'देवौ'कडे निघाली होती, तेवढ्यात तू तोंडात खिमट कोंबलंस. मी अर्थातच अप्पांच्या पक्षातली. दोन गोष्टींतली रंगतदार कुठली ते मला लहानपणापासून कळतं, खरी कुठली ते दुसऱ्यांनी बघावं.

अप्पा वसईत मिशनच्या एका शाळेत संस्कृत शिकवायचे. ज्यांनी शाळेत संस्कृत टाळलं त्यांच्यासाठी सांगते. आपण मराठीत देवाने, देवाला, देवाचा म्हणतो, तशी संस्कृतात एकेका शब्दाची आठ ओळी रूपं असतात, आणि प्रत्येक ओळीत तीन: एक देव, दोन देव, पुष्कळ देव. ही सगळी न अडखळता म्हणायची, याला शब्द चालवणं म्हणतात. अप्पा तर पळवायचे. दाढी करताना 'पितृ' पळायचा, आंघोळीला 'नदी', आणि पुढे आचोळ्याला आमच्या बिल्डिंगखाली टँकर आला की बादल्या उचलताना 'वारि'. शेजारच्या मालवणकडच्या काकू म्हणायच्या, "तुझ्या बापाशीक पाणी भरूकय मंत्र लागतत गो!"

शाळेच्या आवारात एक फादर राहायचे. तरुणपणी सेमिनरीत लॅटिन आणि ग्रीक शिकलेले आणि मग बरीच वर्षं शिकवलेले. मधल्या सुट्टीत व्हरांड्यात या दोघांचा खेळ चालायचा. अप्पांनी 'देव'चं एक रूप टाकायचं, फादरांनी त्यावर लॅटिनमधल्या 'दोमिनुस'चं. म्हणजे तोही देवच, प्रभू. पण लॅटिनवाल्यांना षष्ठी दुसऱ्या नंबरावर म्हणायची सवय, त्यामुळे दोघं दुसऱ्याच पायरीवर आपटायचे. अप्पा "देवम्" म्हणून द्वितीयेत, तर फादर "दोमिनी" म्हणून षष्ठीत जाऊन बसलेले.

"फादर, तुमची पंचमी म्हणजे एकत्र कुटुंब," अप्पा डिवचायचे. "तृतीया, सप्तमी, सगळ्यांना एकाच खोलीत कोंबलंय."

"परवडत नाही मास्तर, मोठी घरं," फादर म्हणायचे. "ग्रीकांकडे तर पंचमीसुद्धा नाही, षष्ठीकडेच राहते बिचारी."

"आणि द्विवचन? तुमच्या लॅटिनला दोन माणसं दिसतच नाहीत?"

"ग्रीकांना दिसायची. मग त्यांनीही सोडलं. तुम्हीच तेवढे बाळगून बसलात."

मी सहावी-सातवीत असताना खांबाला टेकून हा तमाशा फुकट बघितलाय.

पुढे अप्पा निवृत्त झाले, आई गेली आणि ते आचोळ्याला आमच्याकडे राहायला आले. नव्वदीचं दशक सरत आलं होतं. आमचे हे अंधेरीला नोकरीला होते, मी हॉलमध्ये सतरंजी टाकून आठवी ते दहावीच्या संस्कृतच्या शिकवण्या घ्यायची. तुळिंजवरून मुली यायच्या, संस्कृतात मार्क पडतात म्हणून. अप्पा आतल्या खोलीतून कान देऊन असायचे आणि माझ्या चुका मोठ्यानं काढायचे.

एका सकाळी तोंड धुताधुता ते बेसिनखाली बसले आणि त्यांना उठता येईना. उजवं अंग गेलं होतं, आणि बोलणंही. दवाखान्यातून घरी आणलं तेव्हा त्यांच्याजवळ एकच आवाज शिल्लक होता, 'तत्', म्हणजे 'ते'. पाणी हवं तरी तत्, उशी टोचते तरी तत्. अख्खा जन्म शब्दांत घालवलेल्या माणसाकडे देवानं एक सर्वनाम ठेवलं होतं. मी हे येणाऱ्या-जाणाऱ्याला हसत सांगायची. लोक माझ्याकडे विचित्र बघायचे, पण मी हसत होते म्हणजे मला हसू येत होतं असं नाही. दात काढायच्या आधी डॉक्टर सुई देतात ना, मग गाल आपलाच असतो पण चावला गेला तरी समजत नाही, तसं माझं झालं होतं. मी त्यांना पुसायची, कूस बदलायची, भात मऊ करून भरवायची, आणि या बाजूला शिकवणीही घ्यायची. रडायला वेळ नव्हता असं मी सांगत आले आहे. वेळ होता, दुपारी भरपूर असायचा.

मला हवं होतं एवढंच की अप्पांनी एकदा माझ्याकडे बघून मला काहीतरी म्हणावं. नाव नको, शहाणपण नको. 'गधडे' म्हणाले असते तरी चाललं असतं. ते बघायचे ते पंख्याकडे.

आणि मग तो चमत्कार झाला. एका दुपारी हॉलमध्ये मुली 'देव' चालवत होत्या आणि सगळ्या मिळून चतुर्थीनंतर अडकल्या. आणि आतून आवाज आला, स्वच्छ, पूर्वीसारखा, किंचित रागावलेला: "देवात् देवाभ्याम् देवेभ्यः!" आणि तिथून थेट शेवटपर्यंत, "हे देवाः" म्हणून थांबला.

मी आत धावले. मुली माझ्यामागे. "अप्पा! अप्पा, मी कोण?"

"तत्," अप्पा म्हणाले.

दुसऱ्या कुठल्याही घरात लोकांनी यावरून काय ते ओळखलं असतं. पण आम्ही पडलो शब्द चालवणाऱ्यांपैकी. आमच्याकडे 'देवः' हा पहिला शब्द, मग 'देवः' आलं म्हणजे बोलणं आलंच की! मी संध्याकाळी बिल्डिंगभर पेढे वाटले. हे घरी आले, पेढा हातात धरून म्हणाले, "अगं, डॉक्टरांना विचारूया का आधी?"

डॉक्टर भले होते. त्यांनी नीट समजावलं. पाठांतर मेंदूत एका ठिकाणी असतं, बोलणं दुसऱ्या. पाढे, आरत्या, शिव्या राहतात. ओघानं येतात. "त्याचा अर्थ त्यांच्यापर्यंत पोचतोय असं धरून चालू नका," ते म्हणाले. मी मान डोलावली, आणि रिक्षात यांना म्हटलं, "त्या माणसाला संस्कृत येत नाही."

मग मी कामाला लागले. 'देव'वरून 'वन', 'वन'वरून 'माला'. पहिलं रूप मी म्हणायचं, पुढचं गाडं अप्पा ओढायचे. माझा बेत असा की एकेक शब्द चालवत त्यांना हळूहळू माझ्यापर्यंत आणायचं. एक दिवस धीर करून मी 'दुहितृ' सुरू केला. दुहिता म्हणजे मुलगी. फादर सांगायचे, ग्रीकातला शब्द याचाच सख्खा भाऊ आहे, थुगातेर. मी पलंगावर अप्पांच्या अगदी जवळ बसले, त्यांचा हात धरला आणि म्हटलं, "दुहिता."

"दुहिता दुहितरौ दुहितरः," अप्पा पंख्याला म्हणाले. "दुहितरम् दुहितरौ दुहितॄः." एकही चूक नाही. शेवटपर्यंत गेले आणि थांबले, टँकरचा पाइप बंद होतो तसे. मी हात सोडला आणि कुकर लावायला गेले. शिट्ट्या मोजायला मात्र विसरले, भाताचा गोळा झाला.

आता शहाण्या बाईनं इथे थांबायचं. पण माझ्या अंगात नाटक आहे, बिल्डिंगच्या गणपतीत खलनायिकेचं काम दर वर्षी मलाच मिळतं. मी अप्पांचे प्रयोग लावले. कोणी भेटायला आलं की उशीला टेकवून बसवायचं, पांघरूण सारखं करायचं, आणि मी सूत्रधार: "अप्पा, माला!" की सुरू. पाहुणे अवाक व्हायचे. काकू आपल्या माहेरच्या माणसांना मुद्दाम घेऊन यायच्या. "करून दाखव गो जरा," म्हणायच्या, जणू मिक्सर. टाळ्या पडायच्या, चहा व्हायचा, पाहुणे डोळे पुसायचे. मी त्यांच्याकडे बघत राहायची. यांना काय होतंय म्हणून रडतायत, असा प्रश्न मला मनापासून पडायचा.

फादर वसईहून यायचे दर गुरुवारी, एसटीनं, सुकेळ्यांचा, म्हणजे वाळवलेल्या वसईच्या केळ्यांचा, पुडा घेऊन. तेही आता थकले होते. पहिल्याच गुरुवारी मी त्यांना खुर्ची दिली आणि म्हटलं, "फादर, करा सुरू. दोमिनुस."

फादरांनी माझ्याकडे बघितलं, मग अप्पांकडे, आणि हलक्या आवाजात म्हणाले, "दोमिनुस."

"देवः देवौ देवाः."

"दोमिनी," फादर सवयीनं म्हणाले, आणि अप्पा "देवम्" म्हणाले. दोघं दुसऱ्या पायरीवर आपटले, तीस वर्षांपूर्वी आपटायचे तसेच. मी हसण्यासाठी तोंड उघडून तयार होते. कोणीच हसलं नाही. अप्पा पुढे निघून गेले होते.

"बघितलंत ना फादर? बोलतात की नाही?"

फादरांनी सुकेळ्याचं पान सोललं. मग म्हणाले, "बाय, तरुणपणी मी कित्येक वर्षं चर्चमध्ये लॅटिनमधून मिस्सा म्हटली. तोंड चालू होतं हे खरं. पण त्यातल्या किती वेळा मी स्वतः तिथं हजर होतो, ते विचारू नकोस."

"म्हणजे डॉक्टरांचंच खरं म्हणता तुम्ही."

"मी काय म्हणणार? मला मास्तरांसोबत बसायला आवडतं. तू म्हणायला लावतेस म्हणून मी म्हणतो."

मी ते कानाआड केलं. गुरुपौर्णिमा जवळ आली होती आणि माझ्या डोक्यात मोठा प्रयोग शिजत होता. अप्पांच्या जुन्या विद्यार्थ्यांना निरोप गेले. विरार, भाईंदर, कुठून कुठून माणसं आली, बँकेतली, पोस्टातली, एक अर्नाळ्याचा मासळीच्या धंद्यातला, तोही संस्कृत घेऊनच पास झालेला. शिकवणीच्या मुली भिंतीला ओळीनं. हॉलमध्ये पाय ठेवायला जागा नाही. काकूंनी स्वयंपाकघर ताब्यात घेऊन पोह्यांची कढई चढवली. अप्पांना पांढरा सदरा घातला, हार घातला, आम्ही दोघांनी उचलून खुर्चीत बसवलं. फादर शेजारी. मी मध्यभागी उभी राहून असं भाषण ठोकलं की शेवटी मलाच वाटलं आता पडदा सरकायला हवा.

मग मी अप्पांच्या पायाशी गुडघ्यांवर बसले आणि म्हटलं, "अप्पा, देवः!"

"देवः," अप्पा म्हणाले. "देवौ."

आणि थांबले.

ते कधीच थांबत नसत. अडखळल्यासारखंही दिसत नव्हतं. तोंड मिटलेलं, ओठ घट्ट.

"देवाः," मी पुटपुटले.

काही नाही.

"देवाः!" मागून एक जण म्हणाला, प्रेमानं. मग सगळ्याच माजी विद्यार्थ्यांना जोर चढला, मुलीही सामील झाल्या, "देवाः! देवाः!" अख्खा हॉल गुरुजींना प्रॉम्प्टिंग करायला लागला. फादर मान खाली घालून बसले होते. मी म्हटलं, "फादर, तुम्ही द्या ना, दोमिनुस द्या." फादरांनी नुसती मान हलवली.

म्हणून मी आणखी पुढे सरकले, अप्पांच्या तोंडासमोर तोंड नेलं आणि पुन्हा म्हणायला लागले, "दे..."

अप्पांचा डावा हात, चालता हात, वर आला. सावकाश आला. आणि माझ्या तोंडावर बसला. तळवा अख्खा तोंडावर, बोटं गालात रुतलेली. हाताला हारातल्या झेंडूचा वास येत होता. अप्पा पंख्याकडे बघत नव्हते. माझ्याकडे बघत होते, एका डोळ्यानं जरा जास्त, कारण दुसऱ्याची पापणी पडलेली असायची. ते बघणं मला ओळखीचं होतं. वर्गात कोणी फार बडबड केली की तसं बघायचे.

आतून काकू ओरडल्या, "पोहे घेतात काय रे सगळे?" आणि सगळे हुश्श करून पोह्यांकडे वळले.

माणसं गेल्यावर मी बशा धूत होते. हे दारात येऊन उभे राहिले. "फार ताणलंस आज," म्हणाले. "अपमान वाटला असेल त्यांना. एवढ्या लोकांसमोर."

"वाटला असेल. पण बोलले मला."

"बोलले? काय बोलले?"

"गप्प बस म्हणाले."

"अगं, ते हातानं..."

"हातानं तर हातानं. मलाच म्हणाले. हॉलभर माणसं होती, दुसऱ्या कोणाला नाही म्हणाले."

यांनी फडकं घेऊन बशा पुसायला घेतल्या. आता इथे तरी मला रडू फुटलं असेल असं तुम्हाला वाटेल. मीसुद्धा वाट बघितली, नळ बारीक करून. मग नळ मोठा केला, कारण पाणी जायची वेळ झाली होती.

त्यानंतर अप्पांनी कधी शब्द चालवला नाही, आणि मी चालवायला सांगितला नाही. काकूंना फार वाईट वाटलं, त्यांच्या नणंदेला दाखवायचं राहिलं होतं. शिकवणीच्या मुलींना मी सांगितलं, रूपं मनात म्हणा आणि वहीत लिहा. फादर येतच राहिले. दोघं खिडकीशी बसून सुकेळी चघळायचे आणि समोरच्या गच्चीवर वाळत घातलेले कपडे बघायचे.

गुरुपौर्णिमेच्या दुसऱ्या दिवशी सकाळी मी नेहमीसारखा चहा घेऊन गेले. इतके महिने मी कप सरळ तोंडाला लावत होते, कारण विचारून उत्तर येणार ते तत्. त्या दिवशी कप मध्येच धरला, त्यांच्यासमोर बसले आणि विचारलं, "हवाय?"

आणि थांबले. गप्प बसणं मला जन्मात जमलेलं नाही, जीभ नुसती वळवळत होती. अप्पा कपाकडे बघत राहिले, मग माझ्याकडे. डावा हात उचलला गेला आणि त्यांनी कप बाजूला सारला. अर्धा चहा गादीवर सांडला.

"बरं," मी म्हटलं, आणि चादर बदलायला घेतली.