पाठवणीतला ठसका

टीव्हीवर मी रडत होते आणि खोलीतल्या सगळ्या बायका वळून माझ्याकडं बघत होत्या.

नातीच्या लग्नाचा व्हिडिओ होता. ती गाडीत बसते, मागं सनई, आणि लगेच माझं तोंड. डोळे गळताहेत, नाक पदरानं पुसतेय.

पाठवणीला मी रडले नव्हते. आईविना वाढवलेली पोर, ती त्यावरूनच रुसून नांदेडला सासरी गेली. "आजीला मी जड झाले होते," म्हणाली. मग फोनच नाही.

शेजारीण म्हणाली, "दगडाला पाझर फुटला गं बाई."

मी ओळखलं. हा लग्नाच्या सकाळचा ठसका. नातीच्या शिदोरीतल्या ठेच्यासाठी मिरच्या भाजत होते, तेव्हाच व्हिडिओवाला चुलीपाशी आला होता.

असा माणूस तुम्हीही पाहिला असेल. मुरुडचा, हडकुळा. काही बिघडलं की एकच बोलणं: "राहू द्या मावशी, एडिटिंगमधी बघू." भात करपला, एडिटिंगमधी बघू. मंडपात कुत्रं शिरलं, एडिटिंगमधी बघू. नवरदेवाचा मामा मानपानावरून फुगून बसला. ह्यानं त्याचं चित्र सावकाश केलं, खाली बासरी लावली. मामा साधुपुरुष दिसला. तेवढा तुकडा मामानं मोबाईलवर मागून घेतला.

मी तडक त्याच्या दुकानात गेले. "काय रे, मिरचीचं पाणी पाठवणीला लावलंस?"

"मावशी, पाठवणीला तुमच्याकडं कॅमेरा फिरवला, तर तुम्ही पातेली मोजून राहिल्या होत्या. पोरीला पातेली दाखवू का?"

व्हिडिओ नातीलाही गेला होता. संध्याकाळी तिचा फोन. "आजी, तू रडत होतीस, मला दिसलंच न्हाई गं."

"अगं, मिरचीचा ठसका होता तो. तुझ्या ठेच्याचा."

"हाव, मिरचीच," म्हणाली आणि हसत सुटली. दुसऱ्या दिवशी नातजावयाला घेऊन दारात. ठेचा संपला म्हणे.

व्हिडिओवाला आता मुरुडात नाही. दुकान बंद करून लेकाकडं पुण्याला गेला. परवा गल्लीतल्या लग्नात नव्या पोरांनी ड्रोन उडवला. वरून आम्ही सगळ्या मुंग्या. कोण रडतंय, कोण जेवतंय, पत्ता नाही.

नात आली की जुना व्हिडिओ लावते. तो ठसका आहे हे मला पक्कं ठाऊक. तरी गाडी हलते, सनई लागते, आणि मी पदर शोधते.

"आता कुठली मिरची गं आजी?" नात विचारते.

पाठवणीला पातेली मोजणारी बाई मीच.