कात्रीशिवाय शिवलेला झगा

आमच्या बोगादीच्या गल्लीतून टीव्हीवर गेलेली पहिली मुलगी म्हणजे गुंडूअण्णा शिंप्यांची दीपश्री. वय तेवीस. एका कन्नड वाहिनीनं पंधरा तरुण पोरं एका घरात कोंडली होती. फोन नाही, घड्याळ नाही, कॅलेंडर नाही, आणि उठता-बसता कॅमेरे. असले कार्यक्रम मला मुळीच आवडत नाहीत. पण शेजारची पोर म्हटल्यावर रोज संध्याकाळी सातला मी गुंडूअण्णांच्या दुकानातल्या टीव्हीपुढे हजर!

खरं तर दीपश्री गेली ती रुसूनच. बी.कॉम. झाल्यापासून तिला एकच हवं होतं, बापाच्या दुकानात कापड कापायला मिळावं. गुंडूअण्णा तिला काजं, बटणं आणि तुरपाई एवढंच देत. "कात्री नको दीपा. एक वाकडं कापलं की गिऱ्हाईक गेलं," हे त्यांचं ठरलेलं. पोरीच्या जातीला कात्री द्यायची नाही, असं ते तोंडानं म्हणत नसत. पण मला ते कळत होतं, आणि तिलाही.

तिसऱ्या आठवड्यात त्या घरात हुकूम सुटला. सुती कापड आणि मशीन घ्या, दोन तासांत झगा शिवा. जिंकेल त्याला आठवडाभर कुणी बाहेर काढणार नाही. मी टाळीच वाजवली. आणि ही बया कात्रीला हात लावेना!

"आज एकादशी आहे. आमच्या घरी एकादशीला कापडाला कात्री लावत नाहीत," ती कन्नडात शांतपणे म्हणाली. बाकीची पोरं खो-खो हसली. गुंडूअण्णांकडे हा नेम तीन पिढ्यांचा. त्या दिवशी विठ्ठलाच्या नावानं नुसती शिलाई.

मग तिनं कापडाची कड दातानं फोडली आणि दोन्ही हातांनी टर्रकन फाडत नेली. एक पट्टा, दुसरा, तिसरा. गुंडूअण्णा खुर्चीत पुढे सरकले.

"सुताला धरून गेली बघा. थोडं पण तिरकं नाही."

"अय्यो गुंडू," त्यांची थोरली बहीण अंबूताई म्हणाली, "एकादशी आज की रे! हे शूटिंग कालचं ना, अल्वा? काल दशमी!"

आम्ही सगळे हसलो. गुंडूअण्णा तेवढे डोळे पुसत होते.

चौकोनी गळ्याचा तो झगा दुसरा आला आणि पुढच्या आठवड्यात दीपश्री बाहेर पडली. बेंगळुरूच्या मुलाखती उरकून ती घरी आली, ती नेमकी पुढच्या एकादशीला.

"दशमीला एकादशी केलीस," गुंडूअण्णा म्हणाले. "सुम्ने, उगाच हरलीस की गं."

"ओढणीला रोज एक टाका घालून दिवस मोजत होते, अप्पा. पहिल्या दिवशी घाबरून दोन घातले वाटतं." तिनं मान खाली घातली.

गुंडूअण्णांनी खणातून आपल्या वडिलांची जुनी कात्री काढली आणि तिच्या मांडीवर ठेवली. "आज नको. उद्या बारस. सकाळी पहिलं कापड तू काप."

"वाकडं गेलं तर?"

"जाऊ दे. गिऱ्हाईकाला मी सांगतो."

त्यांच्यावर मला काही सांगायची वेळच आली नाही. ते पहिलं कापड माझंच होतं. ब्लाउजपीस मी त्याच संध्याकाळी मुद्दाम नेऊन ठेवला होता.