व्हर्डेल टॅकेटचं दार

व्हर्डेल टॅकेटने पहिला जबडा फोडला तो कोंबडी-कारखान्याच्या मुकादमाचा. कुऱ्हाडीच्या दांड्याने, भर दुपारी, बहिणीला पुरून आल्या-आल्या. बहीण लोरीन आगीत गेली होती. आगीत म्हणजे दारात. मागच्या दाराला बाहेरून साखळी होती, कामगार कोंबड्या चोरतात म्हणून. आतल्या बाजूला सतरा बायका एकमेकींवर पडलेल्या सापडल्या, आणि दाराच्या पत्र्यावर नखांचे ओरखडे. मालकावर खटला झाला नाही, मुकादमावर झाला नाही. व्हर्डेलला नव्वद दिवसांची कैद झाली.

पुढारी जन्माला यावे लागतात म्हणे. ही तुरुंगातून आली. निवडणुकीला उभी राहिली तर दोनदा खिडकीवर गोळ्या झाडल्या, कुत्रं मारून पायरीवर टाकलं. तिने कुत्रं पुरलं, हात धुतले आणि प्रचाराला गेली. "गोड बोलणारे निवडून बघितलेत ना," ती लोकांना सांगे, "आता एकदा हात उचलणारी बघा." लोकांनी बघितलं.

राज्याच्या विधानसभेत शंभर खुर्च्या. तिची शेवटच्या रांगेत, शेजारी एमेट कॉझी, पेशाने न्हावी, चौदा वेळा निवडून आलेला म्हातारा. तिचं विधेयक एका ओळीचं: माणसं आत कामाला असताना कुठल्याही दाराला बाहेरून कुलूप-साखळी नाही. एक्कावन्न मतं लागत. तिने एकेकाला गाठून त्रेपन्न जणांचा शब्द घेतला होता.

आता या सभागृहाची एक जुनी खोड. नवख्याचं पहिलं विधेयक आलं की आधी त्याची यथेच्छ टिंगल करायची, मग सगळ्यांनी विरोधाचं लाल बटण दाबायचं. भिंतीवरचा मतांच्या दिव्यांचा फळा लालभडक होतो, नवखा पांढराफटक पडतो, सगळे पोट धरून हसतात, आणि सभापतींनी मतदान बंद करायच्या आत लाल दिव्यांचे हिरवे होतात. नवख्याला आधी सांगायचं नाही. त्या अधिवेशनात नवख्यांतली पहिली पाळी नेमकी व्हर्डेलची आली.

डोंगराकडचा रॉइस हॅल्डेन उठला. त्याचं पेंडीचं दुकान होतं, आणि थट्टेत त्याचा हात धरणारा कुणी नव्हता.

"बाई, एक शंका. दार उघडं ठेवलं आणि कोंबड्या पळाल्या, तर त्यांची नावं मतदारयादीत घालायची का?"

हशा झाला.

"आणि मी सासूला स्वयंपाकघरात कोंडतो, तेही बंद?"

"रॉइस, तुझ्या सासूच्या हातचं जेवलोय मी," मागून कुणीतरी म्हणालं. "कोंडूनच ठेव."

व्हर्डेलने टेबलाची कड धरली. "सतरा बायका मेल्या," ती म्हणाली. कुणी ऐकलं नाही.

"पोरी, जरा हसून घे," एमेट पुटपुटला.

फळा लाल झाला. सगळा. एकच हिरवा ठिपका, तिचा. तिला तो पत्रा दिसला, ओरखड्यांचा. टेबलावरची तिच्या नावाची पितळी पाटी तिने उचलली, चार रांगा चालत गेली आणि रॉइसच्या कपाळावर घातली. भुवई फाटून हाड दिसलं. दुसरा घाव हातावर बसला. त्या हाताचं बोट तेव्हा हिरव्या बटणाकडे निघालं होतं.

पहारेकऱ्यांनी तिला पालथं पाडलं. गोंधळात सभापतींनी मतदान बंद केलं. बटण बदलायला निघालेले हात जागीच थबकले होते. हिरवे दिवे चार. विधेयक पडलं.

"अगं वेडे, थट्टा होती ती," बाहेर एमेट म्हणाला. त्याच्या बाहीवर रॉइसचं रक्त होतं. "ऐंशी मतं होती तुला."

"मग आधी बोलला का नाहीत, काका?"

"सांगायचं नसतं."

तिने असं पाहिलं की म्हातारा दोन पावलं मागे सरला.

तिला वर्षभर निलंबित केलं. गावाने पुन्हा निवडून दिलं. पण तिच्या नावाचा कागद समितीत कुणी उलटून बघेना. चार वर्षं गेली, आणि कारखान्यात नवा मुकादम आला. त्याने मागच्या दाराला नवी साखळी लावली.

त्या आठवड्यात व्हर्डेल रॉइसच्या दुकानात गेली. पितळी पाटी त्याच्यापुढे ठेवली.

"विधेयक तू मांड. तुझ्या नावाने. माझं नाव कुठे नको."

"आणि मी का मांडू?" रॉइसची भुवई वाकडीच जुळली होती.

"मी मारलं तसं आधी मार. मग सांग."

"बाईवर हात उचलत नाही मी."

"बायका जळाल्या त्यावर हसता येतं. हात तेवढा उचलत नाही होय?"

पाटी बसली. व्हर्डेल मक्याच्या पोत्यावर आदळली, उठली, तोंडातला दात हातावर घेतला.

"आणखी एक राहिला," ती म्हणाली. "मी दोन घातले होते."

रॉइसने पाटी खाली ठेवली. पुसायला फडकं दिलं, तिच्याकडे न बघता. "एकच ओळ आहे ना," तो म्हणाला. "दे लिहून."

अठ्ठ्याहत्तर दिवे हिरवे झाले. व्हर्डेलने शेवटच्या रांगेत बसून आपलं बटण दाबलं. सभागृहाने टाळ्या वाजवल्या त्या रॉइससाठी.

कायदा लागू झाला त्या सोमवारी तिने कारखान्याच्या मागच्या बाजूला जाऊन दार ढकललं. उघडलं. आत सुऱ्या चालवणाऱ्या बायकांनी माना वळवल्या.

"दार लाव गं बाई, माशा येतात," एक खेकसली.

व्हर्डेलने दार ओढून घेतलं. जिथे साखळी असायची ती कडी हाताने चाचपली, आणि पुन्हा एकदा ढकलून पाहिलं.