पत्रावळ्या उचलणारा प्राध्यापक

"सर, तुम्ही वाढू नका. पाहुणे विचारून राहिले. तुम्ही पत्रावळ्या उचला."

संस्थेचे सचिव हे अगदी हळू बोलले. माझ्या हातातली वरणाची बादली काढून घेतली आणि गणिताच्या देशकर सरांकडे दिली.

सचिवांच्या मुलीचं लग्न होतं. मांडव कॉलेजच्याच मैदानावर. आम्हा प्राध्यापकांना वाढायला बोलावलं होतं. बोलावलं म्हणजे हुकूमच. आमच्या नेमणुका तात्पुरत्या. उन्हाळ्यात संपायच्या, जुलैत नवी ऑर्डर मिळायची. मिळाली तर.

मी वाकलो. रसायनशास्त्राचा एम.एस्सी. माझ्या लहानपणीच आमची अख्खी वस्ती बौद्ध झाली होती. सचिवांच्या लेखी काहीच बदललं नव्हतं.

मठ्ठा कोपरापर्यंत ओघळत होता. पंगतीत माझ्या वर्गातली एक मुलगी होती. मला पाहून जेवण टाकून उठली. आपली पत्रावळ घट्ट धरून म्हणाली, "राहू द्या सर. मी टाकते."

तिथंच मेलो मी. बाकीचे प्राध्यापक आपापल्या बादल्यांत पाहत होते.

परतताना गांधीसागर तलावापाशी सायकल थांबवली. पाण्याकडे पाहत बसलो. पोहता येत नव्हतं मला. तेच बरं, असं वाटत होतं. कसा उठलो, आठवत नाही.

बाबा मिलमध्ये कताई खात्यात होते. माझे डागाळलेले कपडे पाहून म्हणाले, "काहून गा, काय झालं?"

सांगितलं.

"मंग बाकीचे मास्तर काय करून राहिले होते?"

"वाढत होते."

"आमच्या खात्यात जॉबर मुकादमानं एकाले शिवी देल्ली, तं अख्खी पाळी मशिनी बंद करते."

"बाबा, थे मिल आहे. मी प्राध्यापक आहो."

"उष्टं उचलतानी होता काय प्राध्यापक?"

युनियन मिलवाल्यांची, आपल्याला पदवी आहे, असंच मी धरून चाललो होतो. पदवी त्या मांडवात माझ्यासोबतच होती. तिनं काय केलं?

त्याच आठवड्यात प्राध्यापकांच्या संघटनेत गेलो. सभासद झालो. तक्रार दिली. सचिवांनी बोलावलं. "माफी लिहून द्या. नाही तर जुलैत येऊ नका."

माफी दिली नाही. ऑर्डर आली नाही. घरात बायको गरोदर होती. आई माझ्याशी बोलेना.

कॉलेज उघडलं त्या दिवशी संघटनेची चार-दोन माणसं घेऊन फाटकासमोर बसलो. आतले सहकारी नजर चुकवून जात होते. देशकर आले. सायकल भिंतीला लावली आणि माझ्याशेजारी मातीत बसले. चपराशी सांगत आला, "सर, तुमची ऑर्डर तयार आहे. साहेबांनी आत बोलावलं."

"यांची निघाली की येतो म्हणावं," देशकर म्हणाले.

दुपारपर्यंत कोणी आलं नाही. नोकरी परत मिळेल याचा भरवसा नव्हता. आजही सांगतो, नव्हताच. पण तिथं, त्या तापल्या मातीत, एक पक्कं केलं. उपाशी राहीन. पोरगं उपाशी वाढवीन. यापुढे कुठल्याही मालकासमोर एकटा उभा राहणार नाही, आणि दुसऱ्या कोणाला एकटं उभं राहू देणार नाही.